पिवळ्या छताखालचे मासे

मी वर्धा जिल्ह्यात फिरायला गेलो नव्हतो, भांडायला गेलो होतो. हे आधीच सांगितलेलं बरं, कारण परत आल्यापासून जो तो विचारतो, "काय काय पाहिलंत तिकडे?" पाहिलं ते पुढे येईलच. पण निघताना डोक्यात पाहायचं काहीच नव्हतं. एका माणसाला त्याच्या दारात जाऊन चार शब्द सुनवायचे, एवढंच होतं.

कराडजवळ माझी माशांची शेड आहे. खायच्या नव्हे, काचेच्या पेटीत ठेवून बघायच्या माशांची. नववीत शाळा सुटली, दुसऱ्याच्या दुकानात काचा पुसल्या, आणि पंचवीस वर्षांत स्वतःच्या साठ पेट्या केल्या. माझ्याकडचा सगळ्यात नावाजलेला मासा म्हणजे आफ्रिकेतल्या व्हिक्टोरिया सरोवरातला सिक्लिड. त्याच्या दोन जाती मी वाढवतो. एका जातीच्या नराची पाठ कुंकवासारखी लाल, दुसरीचा नर निळा. माद्या मात्र दोन्हीकडच्या राखाडी. इतक्या सारख्या, की मीही त्या वेगळ्या काढू शकत नाही.

वर्धा जिल्ह्यातल्या देवळीचे सुधाकर झाडे हे माझं जुनं गिऱ्हाईक. पाच वर्षांपूर्वी त्यांनी माझ्याकडून लाल पाठीचे मासे नेले, गेल्या वर्षी पुन्हा नेले. आणि मग मासे पाळणाऱ्यांच्या आमच्या फोनवरच्या गटात त्यांनी लिहिलं, "मोहित्यांच्या शेडमधले लाल मासे आता खिचडी झाले आहेत."

खिचडी! लोकांनी फोन करणं थांबवलं. माझ्याकडे ना पदवी, ना बापाचं दुकान. मोहित्यांचा माल म्हणजे चोख माल, हे एक वाक्य मी पंचवीस वर्षांत कमावलं होतं. ते या गृहस्थाने एका ओळीत पुसलं.

डिसेंबरात हैदराबादला माल पोचवायला गेलो, तेव्हा थर्माकोलच्या डब्यात दोन पिशव्या मुद्दाम मागे ठेवल्या. एकीत लाल नर, दुसरीत निळा. पुरावा म्हणून. आणि उत्तरेकडे येणाऱ्या बसमध्ये बसलो.

जाम

सकाळी जाम गावच्या चौकात उतरलो. महामार्ग, ट्रक, संत्र्यांचे ढीग आणि अंगात शिरणारी थंडी. आमच्याकडची थंडी खांद्यावर शाल टाकली की गप्प बसते, इथली गुडघ्यातून वर येते. माझ्या अंगावरचं ब्लँकेट मी माशांच्या डब्याला गुंडाळलं आणि स्वतः कुडकुडत तर्रीपोहे खाल्ले. पोह्यांवर चण्याचा लालभडक रस्सा ओततात इकडे. आमच्या कांदेपोह्यांना हे कळलं तर ते लाजेने मऊ पडतील.

शेजारीच एक बाई घमेल्यात मासे घेऊन बसली होती. पार्बताबाई. माशावर नजर गेली की माझा हात आपोआप पुढे जातो.

"काय पाहून राह्यले, भाऊ? घ्यायची असंल त घ्या, नाईत उन सोडा. मले थंडी वाजून राह्यली."

"चिलापी का ही?"

"चिलापीच. धरनातली."

चिलापी, म्हणजे तिलापिया, हाही मूळचा आफ्रिकेचा. माझ्या पेटीतल्या माशांचा चुलत चुलत भाऊ. कुणीतरी काही दशकांपूर्वी तो या देशात आणला आणि आता तो इथल्या धरणांत असा राहतो, जणू पिढ्यान् पिढ्या इथलाच. मी एक मासा उचलला. "ही गिड्डी वेगळी दिसते. ही वेगळी जात?"

"आमी धरनावर दोन प्रकार म्हनायचो. एक काळपट, एक पट्ट्याची. आता पोराइले विचारा, सांगता येत नाई कोनती कोनती हाये." तिने माशाचं तोंड अंगठ्याने दाबून उघडलं. "पन हे दोघीबी करते. अंडे तोंडात ठेवते. पावसाच्या तोंडी जाळ्यातून काढाले घेतली, का तोंडातून बारीक पिल्लं पडते. मी तशी मासोळी टोपल्यात नाई ठेवत. वापस पान्यात सोडून देतो."

"का? दोन मासे कमी होतात ना त्याने?"

"काऊन म्हंजे? तोंडात लेकरं घेऊन आलेलीले कोन विकते, बाप्पा?"

मी भाव न करता उठलो. तसं माझ्या हातून सहसा होत नाही.

चहाच्या टपरीवरून मी झाड्यांना फोन लावला आणि ऐकवायला सुरुवात केली. ते ऐकून घेत राहिले. माझा दम संपल्यावर म्हणाले, "भाऊ, तुमी अन मी भांडून मासा लाल होनार नाई. आष्टीले उमरे मॅडम राह्यते. कॉलेजात प्रानिशास्त्र शिकवत होत्या. त्याइले मासे दाखवा. मंग इकडं या."

मी लगेच अटी मांडल्या. झाडे तिथे हजर राहणार नाहीत. बाईंनी ठामपणे "मिसळ झाली आहे" म्हटलं नाही, तर झाड्यांनी गटात माफी लिहायची. म्हटलं, तर मी लिहायची. 'ठामपणे' हा शब्द मी विचार करून घातला होता. शिकलेली माणसं ठामपणे काही बोलत नाहीत, हा माझा अनुभव आहे.

"चालते," झाडे म्हणाले. इतक्या पटकन, की मला वाटलं माझंच काहीतरी चुकलं.

आष्टी

रात्र वर्ध्यात काढली आणि दुसऱ्या दिवशी आष्टीची बस धरली. दोन्ही बाजूंना वेचणीला आलेला कापूस, मधे तुरीच्या ओळी, आणि आष्टी जवळ आली तशी संत्र्यांची झाडं. एका खड्ड्यात डबा आपटला आणि लाल नराची पिशवी गळायला लागली. उतरलो तोवर मासा आडवा झाला होता. फाट्यावरच्या एका घरातून आजीबाईने कळशीभर विहिरीचं पाणी दिलं, वर बजावलं, "खारट हाये हो पानी. डाळ शिजत नाई याच्यात."

मी बोटाने चाखलं. जड, चुन्याचं पाणी. कराडला कृष्णेचं पाणी गोड, म्हणून मला या माशांसाठी त्यात शिंपल्यांचा चुरा घालून ते मुद्दाम जड करावं लागतं. मासा कोऱ्या पिशवीत घेतला, पेल्यापेल्याने ते पाणी तिच्यात घातलं आणि पाच मिनिटांत मासा सरळ झाला. ज्या पाण्याला इथली माणसं नावं ठेवतात, ते माझ्या आफ्रिकेच्या पाहुण्याला घरचं वाटलं असावं.

उमरे मॅडम सत्तरीच्या आसपासच्या. संत्र्याच्या बागेतलं घर, पडवीत पुस्तकं आणि संत्र्यांच्या पेट्या एकावर एक. मी डबा ठेवला आणि माझी बाजू मांडायला तोंड उघडलं. त्यांनी हात वर केला. "आधी जेवा. उपाशी माणसाचं मी ऐकत नाही."

सोलेभात होता. तुरीच्या ओल्या दाण्यांना इकडे सोले म्हणतात. त्यावर कढवलेलं तेल. जेवताना त्यांनी मला माझ्याच माशांची गोष्ट सांगितली, आणि कबूल करतो, पंचवीस वर्षं मी जे विकत होतो ते मला त्या दुपारी पहिल्यांदा समजलं.

त्या म्हणाल्या, या माशांच्या तोंडात एक जबडा आणि घशात दुसरा. मागचा जबडा दळायचं काम करतो, म्हणून पुढचा मोकळा. तो मोकळा जबडा मग वाटेल ते काम शिकला. कुणाचा खडकावरचं शेवाळ खरवडायला लागला, कुणाचा गोगलगायी फोडायला, कुणाचा दुसऱ्या माशांचे खवले ओरबाडायला. एका सरोवरात काही थोड्या पूर्वजांपासून शेकडो जाती झाल्या, त्याही पृथ्वीच्या हिशेबाने कालपरवा.

"मग शास्त्रज्ञांनी त्यांची यादी कशी लावली?"

"भांडत भांडत," त्या हसल्या. "आधी जवळजवळ सगळ्यांना एकाच आडनावाखाली टाकलं. मग कुणी दात मोजले, जबडे मोजले आणि त्या एका घराची पुष्कळ घरं केली. नंतरच्यांना पटेना, त्यांनी काही घरं पुन्हा जोडली. आता रक्तातली खूण तपासतात, तर तिथेही गुंता. नात्यागोत्याने ते इतके जवळ आहेत, की रेघ कुठे मारायची यावर अजून वाद आहे. मोहिते, नाव आपण ठेवतो. माशाला त्याचं काही नसतं."

"मग माझा माल शुद्ध आहे की नाही?"

"शुद्ध हा बाजाराचा शब्द आहे. त्या सरोवरातला हा सगळा गोतावळाच मुळात जुन्या दोन वंशांच्या मिसळीतून फुटला असावा, असं आता म्हणतात."

मी ताडकन उठलो. "मग झालं की! मूळच खिचडी, तर मला का बोल?"

"बसा. बचाव म्हणून ते चालायचं नाही. सरोवर डब्यावर नाव लिहून विकत नाही. तुम्ही लिहिता."

मी बसलो. माझ्यावर आवाज न चढवता मला बसवणारी माणसं फार नाहीत.

त्यांनी काचेच्या हंडीत दोन्ही नर सोडले आणि भिंगातून बराच वेळ पाहिले. लाल नराची पाठ त्यांना विटकरी वाटली, कुशीवर निळसर झाक दिसली. "शंका येते. पण प्रवासात दमलेला मासा रंग उतरवतो. डोळ्यांनी पाहून मी ठामपणे सांगू शकत नाही."

ठामपणे! मला हवा तोच शब्द. मी जिंकलो होतो. मनातल्या मनात झाड्यांची माफी मी लिहूनही टाकली.

"एक विचारते," मॅडम म्हणाल्या. "दोन्ही जाती तुम्ही एकाच पेटीत ठेवता?"

"लांब टाकं आहे. माद्या ओळखू येत नाहीत, वेगळ्या कशा करणार? पण त्या चुकत नाहीत. लालवाली लालकडेच जाते. वर्षानुवर्षं पाहिलंय."

"बरोबर. त्यांच्यात भिंत कसली आहे, तर एवढीच. मादीची नजर." त्या आत गेल्या आणि शाळेच्या स्नेहसंमेलनात दिव्यांवर लावतात तसला पिवळा पारदर्शक कागद घेऊन आल्या. "आमच्या मुलांना हे दाखवायची मी." त्यांनी तो हंडीभोवती गुंडाळला. "आता बघा."

मी वाकून पाहिलं. हंडीत दोन करडे मासे होते. लाल कुठला आणि निळा कुठला, मला सांगता येईना. मला, मोहित्यांना, ज्यांनी ते दोन्ही आपल्या हातांनी वाढवले.

"असा उजेड दिला की मादी कुणाकडेही जाते. तिची चूक नाही, तिला दिसतच नाही. सरोवरातही जिथे पाणी गढुळलं, तिथे जाती एकमेकींत विरघळल्या. ना युद्ध, ना रोग. नुसता उजेड बदलला." त्यांनी कागद घडी करून ठेवला. "तुमच्याकडे पांढरा उजेड असेलच."

हंडीत हात घालून मासे पिशवीत भरू लागलो. चार वर्षांपूर्वी वादळात माझ्या शेडचे पत्रे उडाले होते. नवीन फायबरच्या पत्र्यांसाठी मी कोल्हापूरच्या दुकानदाराशी दोन तास घासाघीस केली. त्याच्याकडे रंग बिघडलेला एक गठ्ठा पडून होता. तो मी निम्म्या भावात उचलला आणि महिनाभर सगळ्यांना सांगत फिरलो, सौदा कसा करावा ते मोहित्यांकडून शिका.

ते पत्रे पिवळे होते.

देवळी

ही गोष्ट फक्त मला ठाऊक होती. मॅडमना नाही, झाड्यांना नाही. आष्टीहून परतताना आणि दुसऱ्या दिवशी देवळीच्या बसमध्ये मी ती उलटीपालटी करून पाहिली. चार वर्षं मी एकेक नर दाराशी आणून रंग निवडत होतो आणि दोष माझ्या डोळ्यांना देत होतो. सौदा सौद्याच्या जागी असतो. मॅडम ठामपणे बोलल्या नव्हत्या. अट माझी, शब्द माझा, जीत माझी. फक्त जिंकल्याची चव का येत नव्हती, ते कळेना.

झाड्यांचं शिलाई मशीन दुरुस्तीचं दुकान बसस्टँडपासून जवळच आहे. साठीचा, बारीक, तेलाचे डाग पडलेला माणूस. मी पायरी चढायच्या आतच ते म्हणाले, "मॅडमचा फोन आलता. म्हने सांगता येत नाई. मी माफी लिहून ठेवली, भाऊ. वाचून पाहा, मंग टाकतो गटात."

फोन माझ्या हातात दिला. साधी, सरळ तीन वाक्यं. कुठे टोमणा नाही. भांडायला दीडशे कोस आलेल्या माणसाचे असे हात बांधणं बरं नव्हे.

"आधी मासे दाखवा," मी म्हणालो.

दुकानाच्या मागे त्यांची खोली. छपरात ओळीने काचेची कौलं. "आमच्या बुढ्यानं, बापानं, बसवली. उजेड नसंल त सुईत दोरा जात नाई." त्या उजेडाखाली दोन पेट्या. डावीकडच्या पेटीत पाच वर्षांपूर्वीचा माझा माल आणि त्याची पिलावळ. नरांच्या पाठी अशा लाल, की मी वाकून काचेला नाक लावलं. हे माझे मासे होते. माझ्या जुन्या, स्वच्छ छताखालचे. उजवीकडे गेल्या वर्षीचा माल. विटकरी, मळकट निळे, ना इकडचे ना तिकडचे.

झाडे माझ्या शेजारी उभे राहून हळूच म्हणाले, "काऊन असं झालं, मले समजून नाई राह्यलं. पानी तेच, खानं तेच. माझंच काई चुकलं असंल. तुमाले फुकट बदनाम केलं."

डाव्या पेटीत एक मादी दगडाआड थांबली होती. गळा फुगलेला, तोंड घट्ट मिटलेलं. अंडी तोंडात होती. तीन आठवडे ती खाणार नव्हती. मला एकदम पार्बताबाईचा अंगठा आठवला.

तेवढ्यात झाडेकाकू चहा घेऊन आल्या आणि त्यांनी त्या मादीकडे बोट केलं. "हे म्हन्ते, ही बाई मोहितेभाऊच्या शेडची हाये. मी म्हटलं, शक्यच नाई! ही त तोंड बंद ठेवते."

मला राग यायला हवा होता. आला नाही. मी म्हणालो, "माझं छत पिवळं आहे."

"काय?"

"पत्रे पिवळे आहेत! चार वर्षं झाली! स्वस्तात घेतले, कळलं? तुमचं काही चुकलेलं नाही. ती माफी पुसा!" हे मी ओरडूनच बोललो. कबुलीही मला हळू आवाजात देता येत नाही. मग कागदाची, हंडीची, पत्र्यांची सगळी गोष्ट सांगितली.

शेवटी माझ्या मनातला सल मी काढलाच. "पण एक सांगा. चार लोकांत लिहायच्या आधी मला एक फोन करता आला नाही?"

"केलता, भाऊ. दोनदा." ते हसत नव्हते. "पयल्यांदा मी 'मासे' म्हटलं, तुमी आवाज चढवला अन ठेवून देला. दुसऱ्यांदा त मले नावबी सांगू नाई देल्लं."

आठवलं. हंगामाचे दिवस होते. कुणीतरी तक्रार करत होतं. कोण, ते मी विचारलं नव्हतं.

दुपारी पातोडीचा, म्हणजे बेसनाच्या वड्यांचा, रस्सा आणि भाकरी झाली. मग मी धंद्यावर आलो. डाव्या पेटीतले दोन नर आणि पाच माद्या द्या, त्यांच्यापासून पुन्हा सुरुवात करतो. मी दुप्पट भाव सांगितला, बदल्यात दुसरे मासे देऊ केले, उठून निघाल्यासारखं केलं, चपलाही घातल्या. आयुष्यभरात जमवलेली सगळी हत्यारं वापरली.

झाडे एका मशीनला तेल घालत बसले होते. "पयले छत बदलवा," ते म्हणाले. "मंग येजा. पैशे नाई लागत. पन त्या छताखाली मी हे मासे नाई धाडत."

आयुष्यात एवढ्या वाईट रीतीने मी सौदा हरलो नव्हतो. पुराव्याचे दोन्ही नर झाड्यांच्या उजव्या पेटीत सोडून रिकामा डबा घेऊन वर्ध्याच्या गाडीत बसलो.

घरी आल्यावर आठवड्याच्या आत पत्रे उतरवले आणि पांढरे पारदर्शक बसवले. ते पूर्ण भावाने घेतले, कारण घासाघीस करायला तोंडच उघडलं नाही. पहिल्या सकाळी शेडमध्ये गेलो आणि लांब टाक्यासमोर उभा राहिलो. चार वर्षांत पहिल्यांदा मला माझे मासे दिसले. त्यांत एकही खरा लाल नव्हता, एकही खरा निळा नव्हता. सुंदर होते, पण मी त्यांच्या डब्यांवर लिहिलेलं नाव त्यांचं नव्हतं. त्या टाक्यावरची चिठ्ठी मी काढली. ते तिथेच राहतील, विकायचे नाहीत. नदीनाल्यात तर मुळीच सोडायचे नाहीत. चिलापीचं काय झालं ते धरणात दिसतंच आहे.

मग गटात लिहिलं. गेल्या चार वर्षांत माझ्याकडून ज्यांनी लाल किंवा निळे नेले, त्यांनी ते नाव लावून पुढे देऊ नयेत, खिचडी माझ्या शेडमध्ये शिजली आहे, आणि झाड्यांचं म्हणणं खरं आहे. लिहायला दोन तास लागले. शेवटची चार अक्षरं लिहायला त्यातला एक.

झाड्यांना मी नुसता नव्या छताचा फोटो पाठवला. संध्याकाळी उत्तर आलं.

"छत पाह्यलं. या आता. निंगायच्या आदी फोन करजा. पन आवाज कमी."

थर्माकोलचा डबा धुऊन उन्हात ठेवला आहे.